समेवर कट घेऊ नका

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही लग्नांचं शूटिंग करता, गावातल्या संगीत मंडळाने वार्षिक मैफल चित्रित करायला सांगितली आहे, हाताशी तीन कॅमेरे आणि दोन मदतनीस आहेत. जोनाथन डेमी या अमेरिकन दिग्दर्शकाने अनेक मैफली पडद्यावर आणल्या असं ऐकलंत. गाणारा गातो, वाजवणारा वाजवतो, मग दिग्दर्शकाने त्यात केलं काय? आणि त्यातलं तुमच्या उपयोगाचं काय?

मी पुण्यात बावीस वर्षं हेच काम करतोय. शास्त्रीय बैठका, नाट्यसंगीत, सुगम, अधूनमधून कॉलेजच्या पोरांचे बँड. डेमीचं काम मी उशिरा बघितलं. तोवर माझ्या बऱ्याच चुका करून झाल्या होत्या, त्यामुळे ते बघताना कौतुकाच्या आधी लाज वाटली.

डेमीचा जन्म १९४४ चा, न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडचा. रॉजर कॉर्मन झटपट आणि स्वस्तात सिनेमे काढायचे, त्यांच्याकडे तो तयार झाला. लोकांना तो माहीत असतो ‘द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्स’मुळे. १९९१ च्या त्या सिनेमाला ऑस्करची पाचही मुख्य पारितोषिकं मिळाली. पण त्याच्या चित्रपटांची यादी समोर ठेवली की दिसतं, दर काही वर्षांनी हा माणूस कथापटातून उठून मैफलीत जाऊन बसतो. १९८४ ला टॉकिंग हेड्स हा बँड, १९९८ ला गायक रॉबिन हिचकॉक, २००६ पासून गायक नील यंगबरोबर तीन चित्रपट, २०१६ ला गायक जस्टिन टिंबरलेक. एप्रिल २०१७ मध्ये तो गेला.

यातला टॉकिंग हेड्सचा ‘स्टॉप मेकिंग सेन्स’ आधी बघा, आणि पहिल्यांदा आवाज बंद करून बघा. हॉलिवूडच्या पँटेजेस थिएटरात डिसेंबर १९८३ मध्ये लागोपाठच्या प्रयोगांत तो चित्रित झाला. पैसे बँडनेच उभे केले होते, सुमारे १२ लाख डॉलर. सुरुवात अशी: रिकामा रंगमंच. जमिनीलगतच्या कॅमेऱ्यात पांढऱ्या बुटांची जोडी चालत येते. एक टेपरेकॉर्डर खाली ठेवला जातो. गिटार घेऊन गायक डेव्हिड बर्न एकटाच गातो, त्याच्या पाठीमागे झाकापाक काहीच नाही, थिएटरची उघडी भिंत. दुसऱ्या गाण्याला बास गिटार घेऊन टीना वेमथ येते. तिसऱ्याला काळ्या कपड्यांतली माणसं ड्रम्सचा चौथरा ढकलत आणतात आणि ख्रिस फ्रँट्झ त्यावर बसतो. चौथ्याला जेरी हॅरिसन. असं करत करत रंगमंच भरतो.

ही सगळी बांधणी बर्नची. प्रयोग त्याने तसाच बसवलेला होता. डेमीचं शहाणपण असं की त्याने ती बांधणी मोडली नाही. मध्ये मुलाखती नाहीत, ग्रीनरूम नाही, गाण्याच्या अंगावर निवेदन नाही. शेवटच्या गाण्यापर्यंत प्रेक्षकांचे चेहरे जवळजवळ नाहीतच. अमेरिकेत एमटीव्ही ही गाण्यांची वाहिनी १९८१ ला सुरू झाली होती आणि सगळीकडे तुकडे तुकडे जोडलेली गाणी बोकाळली होती. त्या दिवसांत ‘वन्स इन अ लाइफटाइम’चा केवढा तरी भाग हा माणूस एकाच शॉटमध्ये दाखवतो. बर्न घामाने निथळतोय, झटके देतोय, मागे वाकतोय, आणि कॅमेरा हलत नाही. कॅमेऱ्यामागे ‘ब्लेड रनर’वाला जॉर्डन क्रोननवेथ होता, म्हणजे करामती करायची ऐपत होती. केल्या नाहीत.

तुम्हाला हे अवघड जाणार, कारण लग्नाच्या एडिटिंगने तुमच्या बोटांना चार सेकंदांची सवय लागलेली आहे. मलाही होती. जरा हिशोब करा. विलंबित एकतालाचं एक आवर्तन, म्हणजे तालाचा एक पूर्ण फेरा, अति सावकाश लयीत पाऊण मिनिट, कधी मिनिटभर चालतं. दर चार सेकंदांनी कट मारलात तर एका आवर्तनात बारा-पंधरा कट झाले. गायक ज्या सुरावर निवांत बसलाय त्या सुराचे तुम्ही पंधरा तुकडे केलेत. ऐकणाऱ्याच्या कानाला आवर्तन लांब वाटतं आणि डोळ्यांना तुकडे दिसतात. या भांडणात नेहमी गाणं हरतं.

दुसरी सवय त्याहून वाईट: कट समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, घ्यायचा. शिकवतात असंच, की कट तालात हवा. कॉलेजच्या बँडला ते चालूनही जातं. बैठकीत नाही चालत. माझ्या सुरुवातीच्या वर्षांतली गोष्ट सांगतो. एक बुजुर्ग गायक, द्रुत बंदिश, तबलजी तरुण आणि तयारीचा. दोघांची चढाओढ रंगली, गायकाने तिहाई, म्हणजे तीनदा म्हणून समेवर येणारा तुकडा, उचलली. मी कॅमेरे जागच्या जागी बदलायच्या स्विचरवर बसलेलो. बोट तयार ठेवून बरोबर समेला वाइडवर गेलो. अख्खं सभागृह, झुंबरं, फुलांची सजावट, सगळं कसं भव्य. घरी येऊन दुसऱ्या कॅमेऱ्याचं कार्ड बघितलं. समेवर आल्या आल्या म्हाताऱ्याने मान वळवून त्या पोराकडे बघितलं होतं आणि खट्याळपणे एक भुवई उडवली होती. पोराने तबल्यावरचा हात उचलून कानाच्या पाळीला लावला होता. जेमतेम दीड सेकंद. पूर्ण मैफलीचं सार त्या दीड सेकंदात होतं आणि माझ्या लाइन-कटमध्ये, म्हणजे जागेवरच जोडलेल्या चित्रणात, तेव्हा झुंबर होतं. नशिबाने सुटी कार्डं वेगळी होती म्हणून नंतर दुरुस्त करता आलं. तेव्हापासून कॅमेरावाल्यांशी बोलायच्या टॉकबॅकवर माझं एकच पालुपद: सम जाऊ दे, मग बघू.

समेवर प्रेक्षकाला बघायचं असतं ते एकमेकांकडे बघणाऱ्या माणसांना. डेमी आयुष्यभर हेच टिपत आला. गाणारा टिपणं सोपं आहे, उजेड त्याच्यावरच असतो. डेमी ऐकणारा वादक टिपतो. वेमथ बास वाजवताना बर्नकडे कशी बघते, मागच्या गायिकांना हसू कुठे फुटतं, ड्रमरची मान कधी उडते. लिसा डे हिचं संकलनही त्या नजरांच्या मागे मागे जातं. १९८५ मध्ये त्याने न्यू ऑर्डर या बँडचं एक लांबलचक गाणं मँचेस्टरमधल्या त्यांच्या तालमीच्या खोलीत चित्रित केलं, खरोखर वाजवून घेऊन. प्रेक्षक नाहीत, रोषणाई नाही. आपल्या वाट्याची जागा येण्याआधी माणसाच्या चेहऱ्यावर जो ताण असतो तो, आणि बोटं. छायाचित्रण होतं आँरी अलेकाँ यांचं, ज्यांनी चाळीस वर्षांपूर्वी फ्रेंच दिग्दर्शक कॉक्तोची परीकथा पडद्यावर उजळली होती. एवढा मोठा माणूस बोलावला आणि त्याला चेहऱ्यांवर थांबायला सांगितलं.

तुमच्या मैफलीत हे कसं उतरवायचं? गायकाच्या एका बाजूला तबला, दुसऱ्या बाजूला पेटी, मागे तानपुरे. एक कॅमेरा मध्यावर, मागे, थोड्या उंचीवर. तो हलवायचा नाही, तुमची सगळी पापं झाकायला तो आहे. दुसरा पेटीच्या बाजूला पुढे, असा की गायकाच्या खांद्यावरून तबलजी दिसेल. तिसरा तबल्याच्या बाजूला, ज्यात गायकासोबत पेटीवाला आणि तानपुऱ्यावरची शिष्या येईल. म्हणजे बाजूच्या दोन्ही कॅमेऱ्यांत नेहमी किमान दोन माणसं. एकट्या चेहऱ्याचा क्लोज अधूनमधून घ्याच, पण घर दोघांच्या फ्रेममध्ये करा.

तानपुऱ्यावरच्या मुलीकडे विशेष लक्ष ठेवा. ती गेली दहा वर्षं त्या गुरूच्या पुढ्यात बसलेली असते. गुरू काहीतरी नवं करणार हे तिला सेकंदभर आधी कळतं. तारांवरची बोटं चालूच राहतात, पण पापणी उचलली जाते आणि ओठ न उघडता बंदिशीचे शब्द तोंडात फिरू लागतात. माझा तिसऱ्या कॅमेऱ्यावरचा मुलगा तिच्यावरून मला खबर देतो: “दादा, ही हलली.” त्यावर मी गायकाकडे जातो, आणि बहुतेक वेळा बरोबर जागी पोचलेला असतो.

आता प्रेक्षकांचा विषय, कारण मंडळाचे कार्यवाह तुम्हाला सांगणारच की पहिल्या रांगेतले पाहुणे घ्या. ‘स्टॉप मेकिंग सेन्स’च्या वेळी डेमीनेही प्रेक्षक घेऊन बघितले. त्यासाठी प्रेक्षागृहात उजेड करावा लागला. उजेड पडल्यावर लोक आखडले, लोक आखडल्यावर बँड बिचकला आणि त्या रात्रीचं वाजवणं पार बिघडलं. मग त्याने तो नाद सोडला. माझ्याही एका कार्यक्रमात देणगीदारांसाठी पहिल्या तीन रांगांवर दिवे टाकायला लावले होते. लोक दाद द्यायची सोडून केस सारखे करत बसले, आणि प्रमुख पाहुणे मात्र सव्वा तास मोबाइलमध्ये. गायिका मध्यंतरात मला म्हणाली, “आज समोर कोणी नाहीच असं वाटतंय.” समोर चारशे माणसं होती.

मग अमेरिकेतल्या माँटेरेच्या संगीत महोत्सवाचं काय, असं कोणीतरी विचारेल. विचारायलाच हवं. डी. ए. पेनबेकर यांच्या त्यावरच्या १९६८ च्या ‘माँटेरे पॉप’ या चित्रपटात शेवटी पंडित रविशंकरांचं वादन आहे, तबल्यावर उस्ताद अल्लारखाँ. जून १९६७ मधली ती मैफल. पडद्यावर ते वादन सुरू होतं आणि बराच वेळ रविशंकर दिसतच नाहीत! दिसतात ते ऐकणारे: फुलं माळलेल्या मुली, डोळे मिटून बसलेली पोरं, आणि त्यांच्यात गिटारवादक जिमी हेंड्रिक्स. सतारीवरची बोटं आपल्याला मिळतात तेव्हा आपण त्यांच्यासाठी आसुसलेले असतो. मला ते मैफलीच्या चित्रणातलं सर्वांत धाडसी संकलन वाटतं. पण ती मैफल दुपारची होती. उजेड आकाशातून फुकट येत होता आणि कोण आपल्याला टिपतंय याची कोणाला शुद्ध नव्हती. तुमची मैफल सकाळची, मांडवातली असेल तर प्रेक्षक खुशाल घ्या. बंद सभागृहात रात्री घ्यायचे तर रंगमंचावरून जेवढा उजेड पहिल्या दोन रांगांवर सांडतो तेवढ्यावर भागवा. कार्यवाहांना पाहुण्यांचा सत्काराचा शॉट द्या, तेवढ्यावर ते खूश असतात.

रॉबिन हिचकॉकच्या चित्रपटाबद्दल एवढंच: न्यूयॉर्कमधल्या एका रिकाम्या दुकानात, रस्त्याकडच्या काचेला पाठ करून तो गातो आणि मागून येणारेजाणारे आत डोकावतात. जागा हुशारीने निवडली की अर्धं काम झालं, हे त्यावरून कळतं.

नील यंगचा ‘हार्ट ऑफ गोल्ड’ मात्र दोनदा बघा. ऑगस्ट २००५, नॅशव्हिलचं रायमन ऑडिटोरियम. तिथे चर्चमध्ये असतात तशी लाकडी बाकं आहेत. कित्येक वर्षं कंट्री संगीताचा सर्वांत प्रसिद्ध रेडिओ कार्यक्रम तिथून व्हायचा. त्याच वर्षी यंगच्या मेंदूतल्या रक्तवाहिनीवर उपचार झाले होते आणि वडीलही गेले होते. हे सगळं चित्रपटात ओरडून सांगितलेलं नाही. सुरुवातीला गाडीतल्या थोड्या गप्पा होतात, पुढे गाणीच गाणी. रंगवलेले पडदे, पिवळसर सोनेरी उजेड, एलन कुरास यांचं छायाचित्रण. पडद्यावर साठीला टेकलेला माणूस आपली जुनी गाणी आपल्या जुन्या साथीदारांबरोबर गातो. डेमी त्याच्या चेहऱ्यावर इतका वेळ थांबतो की टोपीच्या कडेखालच्या सावलीतले डोळेही वाचता येतात. आणि श्रेयनामावली सुरू झाल्यावर लोक उठून जातात (आमच्या प्रयोगाला उठलेच), तेव्हा यंग रिकाम्या सभागृहासमोर एकटा बसून एक गाणं म्हणतो. बाकं रिकामी. तो तुकडा चुकवू नका.

पुढे २०११ च्या टोरंटोच्या मैफलीत डेमीने यंगच्या मायक्रोफोनलाच इवलासा कॅमेरा लावला. गाता गाता थुंकी उडाली आणि भिंगावर बसली. मी असतो तर तो शॉट गुपचूप काढून टाकला असता. त्याने ठेवला, आणि मोठ्या पडद्यावर तो थेंब दिसत राहतो. मला अजून ठरवता आलेलं नाही की हे धाडस की हट्ट. एकदा मीही प्रयोग म्हणून पेटीला छोटा कॅमेरा लावला होता, तर पेटीवाल्यांनी नम्रपणे सुचवलं, “हे काढलं तर भात्याला जरा वारा मिळेल.” काढला.

माणसं टिकवण्यातही डेमीचा हात धरणारे कमी. टॉकिंग हेड्सच्या त्या रंगमंचावर कीबोर्ड वाजवणारा बर्नी वॉरेल तीस वर्षांनी, डेमीच्या २०१५ च्या कथापटात, मेरिल स्ट्रीपच्या बँडमध्ये बसलेला दिसतो. त्याच बँडमधला बासवाला रिक रोझस नील यंगबरोबर नॅशव्हिलच्या मैफलीत होता. आणि त्या कथापटातली गाणीही सेटवर खरीच वाजवून घेतली. ओळखीचा माणूस कॅमेऱ्यामागे असला की वादक कॅमेरा विसरतो. तुम्हीही मैफलीच्या आधी एकदा गुरुजींच्या घरी, कॅमेरा न घेता, रियाजाला जाऊन बसा.

ध्वनीकडे वळतो, कारण इथे सगळ्यांची फजिती होते. ‘स्टॉप मेकिंग सेन्स’चा ध्वनी त्या काळात डिजिटल पद्धतीने, चोवीस ट्रॅकवर घेतला गेला. तुम्हाला चोवीस नकोत, सहा पुरेत. पण सभागृहाच्या मिक्सरमधून निघणारी दोन चॅनलची तयार लाइन घेऊन समाधान मानू नका. छोट्या सभागृहात तबला नुसत्या कानाला भरपूर ऐकू येतो, म्हणून साउंडवाला मिक्सरवर त्याचा आवाज खाली ठेवतो. त्या लाइनवर मग गायक कानात ओरडतो आणि तबला शेजारच्या वाड्यातून आल्यासारखा वाटतो. गायक, पेटी, दायाँ, बायाँ, सगळे वेगळे घ्या आणि दोन माइक सभागृहाच्या वातावरणासाठी, दाद पकडायला. कॅमेऱ्यावरचा माइक जुळवणीपुरता. तोही सांभाळून, कारण आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. तुमचा मागचा कॅमेरा २० मीटरवर असेल तर थाप त्याच्यापर्यंत सेकंदाच्या सतराव्या भागाने उशिरा पोचते. सेकंदाला २५ फ्रेमच्या हिशोबात दीड फ्रेम. त्या आवाजावर डोळे मिटून सिंक केलंत तर चित्र ध्वनीच्या पुढे धावतं, तबलजीचा हात चाटीवर आधी पडतो आणि ‘ना’ मागून येतो. सामान्य माणसाला काय खटकतंय ते सांगता येत नाही, तबलजीला येतं. शटर १/५० ठेवा, नाहीतर आपल्या ५० हर्ट्झच्या दिव्यांखाली पट्टे फिरतात. आणि साउंडवाल्याला चहा पाजून विनंती करा की गायकाचा माइक दोन बोटं खाली घ्या, तोंड झाकतंय.

कार्ड आणि बॅटऱ्या तिन्ही कॅमेऱ्यांच्या एकाच वेळी बदलू नका. साधी गोष्ट आहे, पण मार्टिन स्कोर्सेसीसारख्या दिग्दर्शकाची तिथे त्रेधा उडाली. २५ नोव्हेंबर १९७६ ला सॅन फ्रान्सिस्कोत ‘द बँड’ नावाच्या बँडच्या निरोपाच्या मैफलीवर तो चित्रपट करत होता, ३५ मिमीचे कॅमेरे होते. हजार फुटांचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालतं. ब्लूज गायक मडी वॉटर्स गायला उभा राहिला आणि बाकीचे कॅमेरे रीळ भरण्यात गुंतलेले. एकटा छायाचित्रकार लास्लो कोवाक्स, सूचनांना वैतागून हेडफोन काढून बसलेला, टिपत राहिला. ते गाणं चित्रपटात जवळपास त्याच्या एका कॅमेऱ्यावर आहे आणि माझ्या मते त्या चित्रपटातलं ते सर्वांत चांगलं गाणं आहे. इतर गाण्यांसाठी स्कोर्सेसीने ओळीओळीला कॅमेऱ्याच्या सूचना लिहून काढल्या होत्या.

पोटापाण्याचंही बोलू. डेमी मैफलींवर जगला नाही, कथापटांवर जगला, आणि त्यातून मिळालेली पत मैफलींवर खर्च केली. मीही जगत नाही. माझं घर कंपन्यांच्या कार्यक्रमांवर आणि लग्नांवर चालतं. तुमचंही चालू द्या. मात्र पैशाआधी परवानगीचा कागद करा, आणि तो मंडळाचा नको, कलाकारांचा हवा, साथीदारांसकट. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ३८ मध्ये सादर करणाऱ्या कलाकाराचा स्वतंत्र हक्क आहे, त्यात तबलजीही आला. माझं एक पूर्ण तयार चित्रण नऊ वर्षं हार्ड डिस्कमध्ये पडून आहे, कारण पेटीवाल्यांची सही घ्यायची राहिली आणि पुढे मंडळाचं आणि त्यांचं बिनसलं.

कार्यक्रम साडेसहाचा असेल तर चारला पोचा. तानपुरे जुळवायला घेतील तेव्हा तिन्ही कॅमेरे सुरू असू द्या. गायक डोळे मिटून खर्जाची तार ऐकत असतो, शिष्या मणी सरकवत असते, तबलजी हातोडीने गठ्ठे ठोकत असतो, आणि त्या वेळी कॅमेऱ्याकडे कोणाचंच लक्ष नसतं. संपल्यावरही दहा मिनिटं बंद करू नका. सतरंज्या गुंडाळायला येणाऱ्या मुलाला तेवढं आधी सांगून ठेवा.